धंद्याचा रकाना : मोटार अपघातातील जखमी माणसाचे वाचन

मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे नुकसानभरपाईचा अर्ज करताना जखमी व्यक्तीचे नाव, वय आणि पत्ता लिहून झाला, की एक रकाना येतो : धंदा. त्याच्या खाली मासिक उत्पन्नाचा रकाना. जुन्या छापील नमुन्यांत या दोन्हींना मिळून दोन-तीन बोटे जागा असे. आता संगणकावर हवी तेवढी जागा मिळते, तरी लिहिले जाते तेवढेच. मजुरी. शेती. घरकाम. किरकोळ व्यवसाय. या रकान्यात काय लिहिले जाते आणि पुढे निकालात त्याचे काय होते, एवढाच या लेखाचा विषय आहे.

मी वकील नाही. शेगावात राहतो. खामगाव आणि बुलडाण्याच्या न्यायालयांच्या व्हरांड्यांत बरीच वर्षे बसलो, ओळखीच्या वकिलांनी दिलेली जुनी लॉ रिपोर्टरे घरी आणून कोश उघडा ठेवून वाचली, तेवढेच माझे शिक्षण. वाङ्मयीन नियतकालिकात निकालपत्रांवर लिहिणे कुणाला विचित्र वाटेल. पण आपल्याकडे महजर, करीने, निवाडपत्रे यांचा भाषेच्या अंगाने अभ्यास झालाच आहे. राजवाड्यांनी दप्तरे धुंडाळली त्यांत अशी कागदपत्रे ढिगाने होती. तीनशे वर्षांपूर्वीचा निवाडा वाङ्मयाच्या अभ्यासकाला चालतो, मग परवाचा का चालू नये?

आमच्या भागात हा विषय दूरचा नाही. १ जुलै २०२३ च्या पहाटे समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ नागपूरहून पुण्याला निघालेली खासगी बस उलटून पेटली आणि २५ माणसे जळून गेली. महिनाभरातच मलकापुरात दोन बसगाड्यांची धडक झाली. २ एप्रिल २०२५ च्या पहाटे शेगाव-खामगाव रस्त्यावर जीप, एस.टी. आणि खासगी बस अशी तीन वाहने एकमेकांवर आदळली. ५ जण गेले, वीसहून अधिक जखमी झाले. प्रत्येक वेळी वर्तमानपत्रांत मृतांचा आकडा मोठ्या टायपात आला आणि सोबत सरकारी मदतीचा. जखमींचा आकडा शेवटच्या परिच्छेदात. मृत माणसाची गोष्ट त्या दिवशी संपते. जखमीची त्या दिवशी सुरू होते आणि तिच्याकडे बातमीदार परत येत नाही.

इथे एक गल्लत दूर करायला हवी, कारण ती शिकलेली माणसेही करतात. समृद्धीच्या अपघातानंतर राज्य सरकारने मृतांच्या वारसांना ५ लाख आणि पंतप्रधान निधीतून २ लाख जाहीर झाले, जखमींना ५० हजार. ही सानुग्रह मदत. 'अनुग्रह' हा शब्दच सांगतो की ती देणाऱ्याच्या मर्जीची आहे. नुकसानभरपाई हा हक्क आहे. ती मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम १६६ खाली मागायची असते आणि ती वाहनाचा मालक व विमा कंपनी यांच्याकडून येते. मदतीचा धनादेश मिळाला म्हणजे भरपाई मिळाली, असे समजून क्लेमच न टाकलेली घरे मला माहीत आहेत.

'भरपाई' हा शब्द मला फार दिवस अडवून होता. भरणे आणि पावणे. जुन्या पावत्यांत 'रुपये भरून पावलो' असे लिहून खाली सही किंवा अंगठा असे. म्हणजे हा शब्द मुळात घेणाऱ्याच्या तोंडचा. माझे येणे होते, ते पुरते आले, आता तक्रार नाही, असे घेणाऱ्याने म्हटले की भरपाई झाली. आज ती झाली की नाही, हे घेणारा ठरवत नाही, निकाल ठरवतो. घेणाऱ्याकडे उरते फक्त सही. आणि बोलीत 'भरून पावलो' असे आपण म्हणतो ते कशाला तरी पुरते कंटाळल्यावर. आठ-दहा वर्षे तारखा केलेल्या माणसाच्या तोंडून हा वाक्प्रचार मी ऐकला आहे. कोणत्या अर्थाने म्हणतोस, असे विचारायची गरज पडली नाही.

या विषयात मी शिरलो त्याचे कारण माझी मावशी. मंदिराच्या रस्त्यावर ती हार गुंफायची. १९९८ साली सकाळी फुलांची टोपली घेऊन येताना एका वाहनाची धडक बसली आणि उजव्या हाताची दोन बोटे गेली, मनगट वाकडे जुळले. क्लेमचा अर्ज भरताना घरातला शिकलेला म्हणून मी बसलो होतो. धंद्याच्या रकान्यात मी 'घरकाम' लिहिले. का लिहिले, तर हार गुंफणे हा काही धंदा आहे असे मला वाटले नाही. मावशा करतात, आज्या करतात. त्याला पावती नाही, दुकान नाही, लायसन नाही. डॉक्टरांनी हाताच्या हालचाली मोजून टक्के लिहून दिले. प्रकरण लोकअदालतीत मिटले. कायम अपंगत्वासाठी, चूक कुणाची हे न पाहता, त्या काळी कलम १४० खाली २५ हजार मिळत. त्याच्यापेक्षा थोडे जास्त मिळाले. सही करता येत होती तरी मावशीने अंगठा दिला, कारण पेन धरता येत नव्हते. पुढे कितीतरी वर्षे ती मला एकच सांगायची, "हात तं हालते रे बाबू, पन सुई धरल्या जात नाही." डॉक्टरांच्या कागदावर हालचाल होती, सुई नव्हती. ती लिहायला पाहिजे होती मी.

आता हिशोब पाहू, कारण त्याशिवाय या रकान्याचे वजन कळणार नाही. मृत्यूच्या प्रकरणात गणित आता बरेच ठरून गेले आहे. २००९ च्या सरला वर्मा निकालाने वयानुसार गुणक दिले : पंचविशीपर्यंत १८, छत्तीस ते चाळीस वयाला १५, एकावन्न ते पंचावन्नला ११, असे उतरत जाणारे. २०१७ च्या प्रणय सेठी निकालाने भविष्यातील वाढीचे टक्के आणि अंत्यविधी वगैरेंच्या रकमा ठरवून दिल्या. कोणत्याही तालुक्याचा वकील हे तोंडपाठ म्हणून दाखवतो. जखमीच्या प्रकरणात याच गणितात एक जास्तीची संख्या येते : कमावण्याची शक्ती किती टक्के गेली. समजा ३८ वर्षांचा माणूस, महिना ६,००० रुपये. वर्षाचे ७२ हजार, गुणक १५, म्हणजे १० लाख ८० हजार. बारा टक्के शक्ती गेली म्हटले तर १ लाख २९ हजार ६००. साठ टक्के म्हटले तर ६ लाख ४८ हजार. माणूस तोच आणि जखम तीच. मधले पाच लाख अठरा हजार त्या एका आकड्यावर लोंबकळत असतात, आणि तो आकडा मुख्यतः धंद्याच्या रकान्यातून निघतो.

असे का, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०१० मधल्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालात फार स्वच्छपणे सांगितले आहे. न्या. रवींद्रन यांनी लिहिलेला हा निकाल या शाखेतले उत्तम गद्य आहे, असे माझे मत आहे. डॉक्टर सांगतो ते अवयवाचे टक्के. सबंध शरीराचे टक्के वेगळे. आणि कमाईचे टक्के आणखी वेगळे. डॉक्टरचे काम पहिल्या दोन पायऱ्यांपर्यंत. तिसरी न्यायाधिकरणाने स्वतः चढायची, आणि त्यासाठी विचारायचे की हा माणूस अपघातापूर्वी काय करत होता आणि आता काय करू शकतो. उदाहरण डाव्या हाताचे दिले आहे. तो तुटला तर सुतार किंवा ड्रायव्हर जवळजवळ शंभर टक्के बुडतो. सरकारी कारकुनाची नोकरी टिकते, म्हणून कमाईचे नुकसान तेवढे नाही. इतके साधे उदाहरण, पण कायद्याच्या पुस्तकात सुताराचा हात इतक्या नीट क्वचितच आला असेल.

आणि मग याच निकालाचा शेवट वाचताना मी प्रत्येक वेळी थबकतो. अपील करणारा मनुष्य चीज विकणारा होता. आपल्याकडच्या भाषेत पनीरवाला म्हणू. अपघात १९९१ चा. डाव्या पायाचे ४५ टक्के अपंगत्व डॉक्टरांनी लिहिले होते. न्यायाधिकरणाने तेच ४५ टक्के कमाईला लावले होते. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, ही चूक आहे. ४५ टक्के पायाचे आहेत, माणसाचे नाहीत. ते बरोबरच. मग असे म्हटले, की या दुखापतीमुळे त्याचे विकणे बंद पडणार नाही, फार तर सुरळीतपणात अडथळा येईल. प्रकरण परत पाठवले तर आणखी वर्षे जातील, म्हणून तिथेच आकडा ठरवला : शरीराचे २५ टक्के, कमाईचे २०. ज्या निकालाने देशाला धंदा विचारायला शिकवले, त्याच निकालात विचारणा करायला वेळ उरला नव्हता, कारण एकोणीस वर्षे आधीच गेली होती. पनीरवाला बसून विकतो की डोक्यावर घेऊन फिरतो? पहाटे माल आणायला किती लांब जातो? या प्रश्नांवर पाच-दहा टक्के सहज इकडचे तिकडे होतात. सिद्धांत सुताराच्या हाताइतका ठसठशीत आणि वापर अंदाजाचा, अशी या निकालाची रचना आहे. तो मोठा निकाल आहे, तरीही.

त्याच्या शेजारी २०१४ चा सय्यद सादिक निकाल ठेवून वाचावा. हा भाजीवाला, वय चोविशीचे, उजवा पाय कापावा लागला. उच्च न्यायालयाने कमाईचे नुकसान ६५ टक्के धरले होते. भाजी एका जागी बसून विकता येते, हा यामागचा विचार वरवर पाहता पटणाराही आहे. न्या. गोपाल गौडा यांनी तो तपासला. भाजी विकणे म्हणजे फक्त विकण्याचा क्षण नव्हे, असे त्यांनी मांडले. आधी घाऊक बाजारातून किंवा शेतकऱ्याकडून माल आणावा लागतो, मग गाडीवर घालून गल्लोगल्ली फिरावे लागते. पाय नसेल तर गडी ठेवावा लागेल आणि गड्याची मजुरी कमाईतूनच जाईल. ६५ चे ८५ टक्के झाले. शिवाय अशा माणसाकडे उत्पन्नाचे कागद मागू नयेत असे सांगून महिना ६,५०० रुपये धरले.

मला या निकालाचे कौतुक वाटते ते दयाळूपणासाठी नाही. दया पुष्कळ निकालांत असते, आणि ती शेवटी दहा-वीस हजारांनी मोजली जाते. इथे न्यायमूर्तींनी भाजीवाल्याची सकाळ लिहिली आहे. शेगावच्या बाजारात पहाटे जाऊन उभे राहिले तर जे दिसते तेच : पोते उतरवणे, निवडणे, पाणी मारणे, गाडी ढकलणे. एका परिच्छेदाचे वास्तववादी वर्णन आणि त्याची किंमत वीस टक्के. वाङ्मयात वर्णनाला इतका रोख भाव कुठे मिळतो?

२०२० चा पप्पू देव यादव निकाल याच वाटेवरचा. टायपिंगचे, संगणकावर माहिती भरण्याचे काम करणाऱ्या तरुणाचा उजवा हात गेला. उच्च न्यायालयाने ४५ टक्क्यांवर आणलेले नुकसान सर्वोच्च न्यायालयाने ६५ केले आणि जखमी माणसालाही भविष्यातील वाढ मोजून द्यावी असे स्पष्ट केले. पण दोन हातांनी टाइप करणाऱ्याचा उजवा हात गेला तर ६५ च का, हे मला अजून उमगलेले नाही.

कायदा एखाद्या शब्दाचा अर्थ ताणू शकत नाही, असे कुणी म्हणेल तर त्याला सातारा जिल्ह्यातले १९८७ चे प्रकरण दाखवावे. महामार्गावर टक्कर होऊन पेट्रोलचा टँकर रस्त्याखाली कलंडला, पेट्रोल गळत राहिले, काही तासांनी स्फोट झाला आणि जमलेली गावची माणसे भाजली, काही दगावली. विमा कंपनीचे म्हणणे असे, की टँकर तेव्हा चालत नव्हता, मग हा वाहनाच्या 'वापरा'तून झालेला अपघात कसा? १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की कलंडून पडलेला टँकरही वापरातच आहे. 'वापर' या शब्दात उलटलेला टँकर मावतो. 'धंदा' या शब्दात हार गुंफणारी बाई मावायला मग इतकी अडचण का?

बायकांच्या कामाचा इतिहास इथे थोडक्यात सांगतो, कारण तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे. १९९४ साली कायद्याला जोडलेल्या दुसऱ्या परिशिष्टात कमाई नसलेल्या माणसाचे वर्षाचे उत्पन्न १५ हजार धरले होते, आणि पत्नी कमावती नसेल तर नवऱ्याच्या उत्पन्नाचा एक तृतीयांश. म्हणजे कलेक्टरच्या बायकोचा स्वयंपाक हमालाच्या बायकोच्या स्वयंपाकापेक्षा कित्येक पट मोलाचा. २००१ च्या लता वाधवा निकालात गृहिणीच्या कामाचे महिना ३,००० धरले गेले. २०१० च्या अरुणकुमार अगरवाल निकालात न्या. गांगुली यांनी, जनगणनेत गृहिणींना भिकारी आणि कैद्यांच्या रांगेत बसवल्याबद्दल खडे बोल सुनावले. जानेवारी २०२१ च्या कीर्ती निकालात न्या. रमणा यांनी २०१९ च्या वेळवापर पाहणीचे आकडे दिले : बिनमोल घरकामाला बाई दिवसाची २९९ मिनिटे देते, पुरुष ९७. तिन्ही निकाल मी आदराने वाचतो. पण तिन्ही निकालांतल्या बायका मेलेल्या आहेत. ती गेली म्हणजे तिने काय काय केले ते घरालाही आठवते आणि न्यायालयालाही. ती जगली, मोडक्या मनगटाने भाकरी थापू लागली, तर 'घरकाम करू शकते' असे उलटतपासणीत तिच्याच तोंडून वदवले जाते आणि टक्के उतरतात.

तेव्हा वर्णन हे दुधारी आहे, हे मान्य केले पाहिजे. ज्या बारकाईने भाजीवाल्याची सकाळ लिहिता येते, त्याच बारकाईने विमा कंपनीचे वकील 'बसून करता येणारी कामे' शोधतात. शिवाय ज्याचा वकील नीट लिहितो त्याला जास्त आणि ज्याचा घाईत असतो त्याला कमी, हा न्याय कसला, असा आक्षेप येईल. मग सगळ्यांना सरसकट रक्कम द्यावी. २०१९ च्या दुरुस्तीने कलम १६४ मध्ये तशी सोय केलीच आहे : चूक सिद्ध न करता मृत्यूला ५ लाख, गंभीर दुखापतीला अडीच लाख. वेग हा त्याचा गुण, आणि मोडलेल्या संसाराला वेग लागतो. पण 'गंभीर दुखापत' ही फौजदारी कायद्यातली व्याख्या आहे आणि तिच्यात हाड मोडणे येते तसा दात मोडणेही येतो. दाताला अडीच लाख, कण्याला अडीच लाख. सरसकट रकमेत धंद्याचा रकाना लागतच नाही. माणूस काय करत होता हे कुणी विचारत नाही. मला ते पटत नाही. घाईत लिहिणाऱ्या वकिलावर इलाज म्हणजे लिहिणेच बंद करणे, असे होत नाही.

एक नवी अडचणही आहे. १ एप्रिल २०२२ पासून कलम १६६ खालचा अर्ज अपघातापासून सहा महिन्यांत करावा लागतो. १९९४ पासून अशी मुदतच नव्हती. मांडीचे हाड मोडलेला माणूस सहा महिन्यांत काठीवर आलेला असतो, टक्के ठरायच्या स्थितीत नसतो. या मुदतीला दिलेली आव्हाने सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आहेत. त्याच वेळी लागू झालेल्या नियमांनी पोलिसांनी ९० दिवसांत सविस्तर अपघात अहवाल न्यायाधिकरणाकडे पाठवायचा आहे. म्हणजे धंद्याचा रकाना आता वकिलाच्या टेबलाआधी पोलीस ठाण्यात भरला जातो. जखमी दवाखान्यात, सांगणारा मेव्हणा किंवा पुतण्या, लिहिणारा हवालदार. 'मजुरी' लिहून मोकळे होण्याला याहून सोयीची वेळ नाही.

आता कुणी माझ्याकडे कागद घेऊन आले, की मी आधी टक्क्याचे सर्टिफिकेट पाहत नाही. एक दिवस सांगा म्हणतो. किती वाजता उठता, पहिले काय उचलता, कोणत्या हाताने, किती वजनाचे, किती वेळ उभे राहता, कुठे वाकता. लोक हसतात, त्यात सांगण्यासारखे काय, असे म्हणतात. मग सांगायला लागतात. गेल्या पावसाळ्यात एक जण आला होता, यात्रेकरूंच्या गाड्यांचे पंक्चर काढणारा, डाव्या कोपराचा सांधा जाम झालेला. त्याच्या कागदावर 'मजुरी' होते. आम्ही मराठीत दीड पान लिहून काढले : टायर रिमवरून सोडवताना टामी कशी दाबावी लागते, ट्यूब पाण्याच्या टोपल्यात फिरवताना दुसरा हात कशाला लागतो, मोठ्या गाडीचे चाक उचलायला आता पोऱ्या ठेवला आहे त्याला रोज किती द्यावे लागतात. त्याच्या वकिलांनी ते सरतपासणीच्या प्रतिज्ञापत्रात जवळपास तसेच घातले. फक्त टामीला काय म्हणायचे, यावर थोडा वेळ गेला. टामीच ठेवले.

पोऱ्याची साक्ष व्हायची आहे. पुढची तारीख दिवाळीनंतरची पडली आहे.